साडेसात शिलिंग पगार, साडेसातशे पौंड किंमत: स्टीव्ह ब्लूमरची गोष्ट

१९०६ च्या मार्चमध्ये इंग्लंडमधल्या डर्बी शहरात बातमी पसरली की स्टीव्ह ब्लूमर चालला. मिडल्सब्रो फुटबॉल क्लबने ७५० पौंड मोजले आणि डर्बी काउंटीने आपला सगळ्यात जास्त गोल करणारा खेळाडू देऊन टाकला. जवळपास चौदा वर्षं तो डर्बीसाठी खेळला होता. शनिवारी दुपारी कारखान्याचा भोंगा झाला की कामगार घरी न जाता थेट मैदानाकडे वळायचे, ते बहुतेक त्याच्यासाठीच. आणि त्या ७५० पौंडांवर खुद्द ब्लूमरचा काडीचाही हक्क नव्हता. माल त्याचा होता, अंगमेहनत त्याची होती, पण सौदा दोन क्लबांमधला होता.

हे कसं शक्य होतं? एखाद्याचा करार वर्षाचा असेल आणि वर्ष संपलं असेल, तर तो मोकळा व्हायला नको का? आयपीएलमुळे 'रिटेन केलं' आणि 'रिलीज केलं' हे शब्द आता आपल्याकडे शाळकरी पोरांच्याही तोंडी असतात. त्यातला 'रिटेन' सव्वाशे वर्षांहून जुना आहे. इंग्लंडच्या फुटबॉलमध्ये त्याचा अर्थ फार कडक होता. तो समजून घ्यायचा तर कलमं वाचण्यापेक्षा एका माणसाचं आयुष्य बघावं, आणि त्यासाठी मला ब्लूमरइतका योग्य माणूस दुसरा दिसत नाही. तो त्या काळचा सगळ्यात मोठा खेळाडू होता. जे त्याच्या बाबतीत घडलं, ते साध्या खेळाडूच्या बाबतीत किती सहज घडत असेल हे मग वेगळं सांगावं लागत नाही.

ब्लूमरचा जन्म २० जानेवारी १८७४ चा, वूस्टरशर परगण्यातल्या क्रॅडली गावचा. हा सगळा भाग लोखंडाचा. खिळे आणि साखळदंड घडवणारी घरंच्या घरं तिथे होती. वडील लोखंडकामातले. स्टीव्ह लहान असतानाच कुटुंब पोटापाण्यासाठी डर्बीला आलं आणि मुलगाही मोठा होऊन लोहारकामालाच लागला. दिवसभर भट्टीसमोर आणि उरलेल्या वेळात फुटबॉल, असं त्याचं पोरपण गेलं. १८९२ मध्ये डर्बी काउंटीने त्याला घेतलं तेव्हा पगार ठरला आठवड्याला साडेसात शिलिंग. वीस शिलिंगांचा एक पौंड, म्हणजे अर्धा पौंडसुद्धा नाही, दोन आठवड्यांचा मिळून फक्त पाऊण. तेवढ्यावर घर चालणं शक्य नव्हतं, म्हणून सुरुवातीला भट्टीही सुटली नाही.

(जाता जाता एक गोष्ट. १८९१ साली मुंबईत रोव्हर्स कप सुरू झाला. त्याचा पहिला विजेता संघ कोणता होता? वूस्टरशर रेजिमेंट. म्हणजे ब्लूमर डर्बीच्या मैदानात उतरण्याच्या एक वर्ष आधी त्याच्याच परगण्याच्या नावाचे शिपाई आपल्या मुंबईत फुटबॉलचा करंडक उचलत होते.)

आता मुळात 'पगारी खेळाडू' ही काय भानगड होती ते बघू. १८६३ मध्ये फुटबॉल असोसिएशन स्थापन झाली ती शिकल्यासवरल्या, खात्यापित्या घरच्या मंडळींनी. त्यांच्या लेखी खेळ हा हौसेचा. खेळायचे पैसे घेणं म्हणजे कमीपणा. पण ज्याच्या घरी जमीनजुमला आहे त्याला हौस परवडते. उत्तर इंग्लंडमधल्या लँकशरच्या सूतगिरणीतल्या कामगाराने सामन्यासाठी एक दिवस बुडवला की त्या दिवसाची मजुरी गेली. उत्तरेतल्या क्लबांनी यावर चोरवाट काढली. स्कॉटलंडहून चांगले खेळाडू आणायचे, गावात त्यांना नावापुरती नोकरी लावून द्यायची आणि वरून हातात गुपचूप पैसे ठेवायचे. १८८३ मध्ये ब्लॅकबर्न ऑलिम्पिक या कामगारांच्या संघाने असोसिएशनच्या एफए कप स्पर्धेच्या अंतिम सामन्यात ओल्ड इटोनियन्सना, म्हणजे ईटन शाळेच्या माजी विद्यार्थ्यांच्या संघाला हरवलं, आणि करंडक सरदारांच्या शाळेतून गिरणीगावात आला. पुढच्या वर्षी प्रेस्टन नॉर्थ एंड या उत्तरेतल्याच क्लबवर तक्रार झाली. त्यांचे कारभारी विल्यम सडेल यांनी लपवाछपवी केली नाही, खेळाडूंना आम्ही मोबदला देतो हे कबूल केलं. प्रेस्टनला स्पर्धेबाहेर काढलं गेलं. त्यावर उत्तरेतले क्लब वेगळी संघटना काढायच्या गोष्टी बोलू लागले. शेवटी जुलै १८८५ मध्ये असोसिएशनने पगारी खेळाला अटी घालून मान्यता दिली.

मान्यता मिळाली, मान नाही मिळाला. त्याच वर्षी ब्लॅकबर्न रोव्हर्सचा जेम्स फॉरेस्ट इंग्लंडसाठी खेळला, तर तो पैसे घेतो म्हणून स्कॉटलंडने हरकत घेतली. पुढची कित्येक वर्षं पगारी खेळाडूकडे बघण्याची नजर घरगड्याकडे बघावं तशीच राहिली. पुढे जे नियम झाले त्यांच्यामागे ही नजर आहे, म्हणून ती लक्षात ठेवलेली बरी.

ब्लूमर या पगारी खेळाच्या जगात आला तेव्हा फुटबॉल लीग चार वर्षांची होती. १८८८ मध्ये बारा क्लबांनी ती सुरू केली, त्यात डर्बी काउंटी एक. डर्बीत त्याला जॉन गुडॉल भेटला, हे त्याचं भाग्य. गुडॉल प्रेस्टनच्या त्या संघातला होता, ज्याने लीगचा पहिला हंगाम एकही सामना न हरता जिंकला. शांत स्वभावाचा, खेळात डोकं चालवणारा माणूस. ब्लूमरने त्याच्याकडून चेंडू कुठे द्यायचा आणि त्याआधी आपण कुठे असायचं हे शिकून घेतलं.

दिसायला ब्लूमर पहिलवान नव्हता. अंगाने सडपातळ, चेहरा इतका फिकट की त्याचं टोपणनावच 'पेलफेस' पडलं. पण चेंडू पायाशी आला की तो थांबत नसे. चेंडू अडवा, स्थिर करा, मग नेम धरा, हे सगळं गोलरक्षकाला सावध करतं. ब्लूमर आल्या पावली मारायचा, दोन्ही पायांनी मारायचा, आणि चेंडू गवताला घासत जाईल असा खाली ठेवून मारायचा. भिजून जड झालेला चामड्याचा चेंडू जमिनीलगत वेगाने आला तर गोलरक्षकाला वाकायला वेळ कुठला?

त्याच्या गोलांची खरी किंमत कळायला तेव्हाचा ऑफसाइडचा, म्हणजे आक्रमक खेळाडू चेंडूसाठी किती पुढे उभा राहू शकतो याचा, नियम माहीत हवा. आज चेंडू पुढे दिला जातो त्या क्षणी आक्रमक आणि गोलरेषा यांच्यामध्ये प्रतिस्पर्ध्याचे दोन खेळाडू असले तरी चालतं. त्यातला एक सहसा गोलरक्षक असतो, म्हणजे प्रत्यक्षात एकाच बचावपटूचा हिशेब ठेवायचा. १९२५ पर्यंत हा आकडा तीन होता. त्यामुळे बचाव करणाऱ्यांची चैन होती. दोन बचावपटूंपैकी एकाने चार पावलं पुढे सरकायचं, की समोरची अख्खी आक्रमक फळी ऑफसाइड. आणि डाव फसला तरी दुसरा बचावपटू आणि गोलरक्षक मागे आहेतच. अशा नियमात गोल करायचा म्हणजे नेमक्या क्षणी धाव घ्यावी लागे, अर्धा क्षण आधी नाही, नंतर नाही. ब्लूमरने डर्बीसाठी ५२५ सामन्यांत ३३२ गोल केले ते या नियमात. पाच वेगवेगळ्या हंगामांत तो पहिल्या श्रेणीतला सर्वाधिक गोल करणारा ठरला. १८९९ च्या जानेवारीत शेफील्डच्या वेन्सडे संघाविरुद्ध डर्बीने नऊ गोल केले, त्यातले सहा एकट्या ब्लूमरचे.

इंग्लंडसाठी त्याने २३ सामन्यांत २८ गोल केले. २३ हा आकडा आजच्या मानाने कमी वाटेल. पण तेव्हा इंग्लंडचे सामने मुख्यतः स्कॉटलंड, वेल्स आणि आयर्लंड या तिघांशी, म्हणजे वर्षाला तीनच व्हायचे. १८९५ मध्ये डर्बीतच आयर्लंडविरुद्ध त्याने पदार्पण केलं, दोन गोल केले, आणि तो धरून पहिले दहाही सामने असे गेले की प्रत्येकात त्याचा किमान एक गोल होता. १८९६ मध्ये कार्डिफला वेल्सविरुद्ध पाच. इतकी सलग भूक फार कमी खेळाडूंमध्ये बघायला मिळते.

एक दुःख मात्र त्याच्या वाट्याला आलं ते आलंच. १८९८ च्या एप्रिलमध्ये डर्बीने लीगमध्ये नॉटिंगहॅम फॉरेस्टला ५-० असं धुतलं. पाचच दिवसांनी, १६ एप्रिलला, लंडनच्या क्रिस्टल पॅलेस मैदानावर एफए कपच्या अंतिम सामन्यात समोर तोच फॉरेस्ट. सगळ्यांनी डर्बीला आधीच विजयी धरलं होतं. निकाल लागला ३-१, फॉरेस्टच्या बाजूने. डर्बीचा एकमेव गोल ब्लूमरचा. पुढच्या वर्षी पुन्हा अंतिम सामना, पुन्हा पराभव. मोठा करंडक इंग्लंडमध्ये त्याच्या हाताला कधी लागला नाही.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ.

आपल्याकडे सालगड्याचं साल पाडव्याला भरतं. हिशेब होतो, मालक आणि गडी दोघांना पटलं तर पुढचं साल ठरतं, नाही तर गडी दुसऱ्या वाड्याची वाट धरतो. उचल फिटली नसेल तर त्याचा पाय अडकतो, हेही खरं. पण तिथे अडकवायला निदान कर्ज तरी असतं. ब्लूमरच्या काळातल्या इंग्लिश फुटबॉलपटूचं साल हंगामाबरोबर वसंतात भरायचं, आणि एक पैचं देणं नसताना त्याचा पाय अडकायचा. त्याचं कारण म्हणजे नोंदणी.

करार आणि नोंदणी या दोन वेगळ्या गोष्टी होत्या, आणि सगळी मेख इथेच आहे. करार म्हणजे पगार किती, किती दिवस खेळायचं. तो वर्षाने संपायचा. नोंदणी म्हणजे लीगच्या दफ्तरात त्या खेळाडूच्या नावापुढे लिहिलेलं क्लबचं नाव. १८९० च्या दशकात लीगने अशी व्यवस्था लावली की करार संपला तरी नोंदणी क्लबकडेच राहील. हंगामाच्या शेवटी प्रत्येक क्लब लीगकडे यादी पाठवायचा: हे खेळाडू आम्ही राखून ठेवतोय, हे विकायला काढलेत. राखीव यादीत नाव असेल तर लीगमधला दुसरा कोणताही क्लब त्या खेळाडूला हात लावू शकत नसे. आणि क्लबने देऊ केलेला पगार खेळाडूला पटला नाही, त्याने नवीन करारावर सही केली नाही, तर? तर त्याला पगारही नाही आणि खेळही नाही. त्याने घरी बसावं किंवा पुन्हा भट्टीवर जावं. क्लबला घाई नसायची. भूक कोणाला आधी लागणार हे दोघांनाही ठाऊक असायचं.

एक खिडकी उघडी होती. दक्षिणेत सदर्न लीग नावाची दुसरी स्पर्धा होती आणि ती फुटबॉल लीगच्या याद्या मानत नव्हती. बरेच खेळाडू त्या वाटेने निसटले. १९१० मध्ये दोन्ही लीगनी एकमेकांच्या याद्या मानायचं ठरवलं आणि तीही खिडकी बंद झाली.

याच्या जोडीला दुसरा फास होता पगाराच्या कमाल मर्यादेचा. १९०१ पासून नियम आला: कोणत्याही खेळाडूला आठवड्याला चार पौंडांपेक्षा जास्त द्यायचं नाही. सही करण्याबद्दलचं बक्षीस दहा पौंडांच्या वर नाही. सामना जिंकल्याचा वेगळा बोनस नाही. चार पौंड ही काही किरकोळ रक्कम नव्हती हे मान्य करायला हवं. कुशल कारागीर दीड-दोन पौंड कमवायचा, आणि सगळ्या फुटबॉलपटूंना चार पौंड मिळतही नसत. लहान गावांतल्या क्लबांची भीतीही खोटी नव्हती. मर्यादा नसती तर मोठ्या शहरांच्या श्रीमंत क्लबांनी सगळे चांगले खेळाडू ओढून नेले असते. डर्बी काही श्रीमंत क्लब नव्हता, तिथे ब्लूमर इतकी वर्षं राहिला त्यात या नियमाचाही हात असणार.

म्हणून या दोन नियमांना मी एका मापाने मोजत नाही. मर्यादेमागे निदान एक हिशेब होता. राखीव यादीमागे तसं काहीही नव्हतं. दोन्ही एकत्र आले की काय होतं बघा. खेळाडूचा पगार चार पौंडांवर अडवलेला, पण त्याला विकण्याची किंमत मोकळी. फेब्रुवारी १९०५ मध्ये मिडल्सब्रोने सुंदरलंडकडून आल्फ कॉमनला १००० पौंडांना घेतलं. फुटबॉलमधला हा चार आकडी पहिला सौदा, आणि देशभर त्यावर खळबळ झाली. ब्लूमरला चार पौंडांच्या दराने ७५० पौंड कमवायचे तर ५२ आठवड्यांच्या हिशेबाने साडेतीन वर्षांहून जास्त लागले असते. डर्बीला ते एका सहीत मिळाले.

साहजिकच चोरवाटा पुन्हा सुरू झाल्या. १९०६ मध्ये मँचेस्टर सिटीने मर्यादेपेक्षा जास्त पैसे दिल्याचं उघड झालं आणि १७ खेळाडूंवर बंदी आली. त्यात वेल्सचा प्रसिद्ध बिली मेरेडिथही होता. पुढच्याच वर्षी, डिसेंबर १९०७ मध्ये, मेरेडिथने पुढाकार घेऊन मँचेस्टरमध्ये खेळाडूंची युनियन उभी केली. ज्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांना शिट्टीवर पळताना पाहिलं होतं, त्या अधिकाऱ्यांना खेळाडूंनी एकत्र बसून मागण्या करणं अजिबात रुचलं नाही.

आता १९०६ चा मार्च नीट दिसेल. डर्बीला पैशांची चणचण होती. मिडल्सब्रो पहिल्या श्रेणीतून खाली घसरायच्या काठावर होता आणि वाचायला गोल हवे होते. ब्लूमर बत्तीस वर्षांचा, म्हणजे अजून दोन-चार वर्षं त्याची किंमत येणार होती. क्लबच्या बाजूने पाहिलं तर व्यवहार चोख. मिडल्सब्रो त्या हंगामात थोडक्यात वाचला. डर्बी पुढच्याच हंगामात दुसऱ्या श्रेणीत घसरला. ज्यांनी त्याला विकलं त्यांना त्याची उणीव आकड्यांत मोजून मिळाली.

१९१० मध्ये तो परत आला. छत्तिशी उलटलेली, क्लब दुसऱ्या श्रेणीत. तरीही तो आला, संघाचा कर्णधार झाला आणि १९१२ मध्ये डर्बीला दुसऱ्या श्रेणीचं विजेतेपद मिळवून पुन्हा वर नेलं. १९१४ च्या जानेवारीत, चाळिशी गाठल्यावर, त्याने खेळणं थांबवलं. हाती काय होतं? बुटांच्या जाहिरातीत त्याचं नाव झळकलं होतं, लोक रस्त्यात ओळखत होते, पण बसून खाता येईल अशी पुंजी चार पौंडांच्या मर्यादेत जमत नसते. म्हणून त्याने प्रशिक्षकाची नोकरी धरली. बर्लिनमध्ये. जुलै १९१४ मध्ये.

काही आठवड्यांत महायुद्ध सुरू झालं. नोव्हेंबरमध्ये जर्मनीतल्या ब्रिटिश पुरुषांना पकडून बर्लिनच्या पश्चिमेला रूहलेबेन इथे नेण्यात आलं. ते घोड्यांच्या शर्यतीचं मैदान होतं आणि राहायला होते तबेले. एका घोड्याच्या जागेत सहा माणसं. चार हजारांहून जास्त कैद्यांमध्ये योगायोगाने इंग्लंड-स्कॉटलंडचे कितीतरी नामवंत फुटबॉलपटू होते. फ्रेड पेंटलंड, जॉन कॅमरून, सॅम वोल्स्टनहोम, आणि हा ब्लूमर. त्यांनी शर्यतीच्या मैदानात फुटबॉलचं मैदान आखलं, स्वतःची असोसिएशन काढली, तबेल्यातबेल्यांचे संघ केले, लीग आणि कप भरवले. सामन्यांना कैदी शेकड्यांनी गर्दी करायचे. तारेच्या कुंपणाआड, पोटात धड अन्न नसताना, चाळिशीतला ब्लूमर पुन्हा गोल मारत होता. तिथे त्याची नोंदणी कुणाच्याच दफ्तरात नव्हती.

१९१८ मध्ये त्याला हॉलंडला सोडलं गेलं, आणि युद्ध संपल्यावर घरी. पण प्रशिक्षक म्हणून तो पुन्हा बाहेर पडला, या वेळी स्पेनला, फ्रान्सच्या सीमेवरच्या इरून या छोट्या गावी. तिथला क्लब रेआल उनियोन. १९२४ मध्ये त्याच्या या संघाने स्पेनच्या राजाच्या नावाच्या कपाच्या अंतिम सामन्यात रेआल माद्रिदला १-० ने हरवलं. इंग्लंडमध्ये दोनदा हुकलेला करंडक असा परक्या देशात, मैदानाबाहेर उभं राहून, त्याला बघायला मिळाला.

नंतरची वर्षं डर्बीतच गेली, क्लबच्या मैदानावर, पोरांना शिकवत आणि पडेल ते काम करत. तब्येत ढासळल्यावर क्लबने त्याला हवापालटासाठी लांबच्या समुद्रप्रवासाला पाठवलं. तिथून परतल्यावर थोड्याच आठवड्यांत, १६ एप्रिल १९३८ ला, तो गेला. क्रिस्टल पॅलेसच्या त्या पराभवाला त्याच दिवशी बरोबर चाळीस वर्षं झाली होती. डर्बीने एफए कप जिंकला तो १९४६ मध्ये.

राखीव यादी मात्र त्याच्यामागेही तशीच चालू राहिली. १९१२ मध्ये ॲस्टन व्हिलाच्या किंगबी नावाच्या खेळाडूने कोर्टात तिला आव्हान दिलं होतं आणि तो हरला होता. पगाराची मर्यादा वाढत वाढत वीस पौंडांवर आली. खेळाडूंनी संपाची तयारी केली तेव्हा कुठे १९६१ च्या जानेवारीत ती रद्द झाली. त्यानंतर जॉर्ज ईस्टहॅमचा खटला आला. न्यूकॅसलने त्याला करार संपल्यावरही सोडायला नकार दिला होता आणि तो महिनोन्महिने खेळाविना बसून राहिला होता. १९६३ मध्ये न्यायमूर्ती विल्बरफोर्स यांनी निकाल दिला की करार संपलेल्या माणसाला असं धरून ठेवणं म्हणजे त्याच्या पोटापाण्याच्या हक्कावर बेकायदा बंधन आहे. ब्लूमरने साडेसात शिलिंगांवर सही केली त्याला तेव्हा एकाहत्तर वर्षं झाली होती.